आय-लीग पहिली की दुसरी, आणि पुण्याचे चार क्लब गेले कुठे?

तुमचा प्रश्न आधी दोन ओळींत मांडतो, म्हणजे बाकीच्यांनाही कळेल. तुमचा सतरा वर्षांचा भाचा आय-लीग २ खेळणाऱ्या एका फुटबॉल क्लबाच्या ट्रायल्सना जाऊन आला. तो म्हणतो ही सेकंड डिव्हिजन, तुम्ही म्हणता ही तिसरी. शिवाय तुम्ही विचारलंय की पुण्यात एका दशकात चार मोठे क्लब झाले आणि त्यातला एकही का उरला नाही, आपली दुसरी श्रेणीच कच्ची होती का.

पहिल्या वादात तुम्ही जिंकलात, पण भाचाही फार चुकलेला नाही. २०२२ च्या आधी तो बरोबरच ठरला असता. नावं तीच राहिली आणि पायऱ्या सरकल्या, त्यामुळे भल्याभल्यांचा गोंधळ होतो. दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर लांबलचक आहे. मी पुणे जिल्हा लीगमध्ये गोलकीपर म्हणून खेळलो, गुडघा गेल्यावर प्रशिक्षक झालो आणि काही हंगाम सेकंड डिव्हिजनच्या एका संघाबरोबर टीम मॅनेजर म्हणून फिरलो. म्हणजे तिकिटं, जेवण, जर्सी धुणं आणि थकलेल्या पगारांची उत्तरं, सगळं माझ्याकडे. तेव्हा हा इतिहास मी मालकांच्या नाही, सामान उचलणाऱ्यांच्या बाजूने सांगणार.

आपल्याकडे लीग उशिरा आली. ड्युरँड १८८८ पासून, मुंबईतला रोव्हर्स कप १८९१ पासून, संतोष ट्रॉफी १९४१ पासून. म्हणजे शंभर वर्षं आपण कप खेळत आलो. कपात हरलं की सामान बांधायचं आणि घरी जायचं, वर-खाली जाण्याचा प्रश्नच नाही. नॅशनल फुटबॉल लीग सुरू झाली ती १९९६-९७ ला आणि पहिलं विजेतेपद फगवाड्याच्या जेसीटीने घेतलं. दुसऱ्याच हंगामात, १९९७-९८ ला, खाली सेकंड डिव्हिजन जोडली गेली. राष्ट्रीय पातळीवरची दुसरी श्रेणी इथून धरायची.

त्या काळात सेकंड डिव्हिजनमध्ये कोण खेळायचं ते बघा: आयटीआय, स्टेट बँक ऑफ त्रावणकोर, इंडियन बँक, पंजाब पोलीस, एचएएल. ही सगळी नोकरीवाली मंडळी. सकाळी सराव, दुपारी काउंटरवर किंवा कारखान्यात हजेरी. संघ वरून खाली आला तरी खेळाडूचा पगार, प्रॉव्हिडंट फंड, क्वार्टर यातलं काहीच हलत नसे. तेव्हा आम्ही त्यांना हसायचो, की हे कसले प्रोफेशनल, हे तर क्लार्क. आज त्या हसण्याची लाज वाटते. खाली आल्यावर जगायचं कसं, याचं आपल्याकडे मिळालेलं एकमेव पक्कं उत्तर तेच होतं, आणि ते फुटबॉलने नाही, बँकेने दिलेलं होतं.

मग २००७ च्या नोव्हेंबरमध्ये आय-लीग आली. दहा संघ, पहिला विजेता गोव्याचा डेंपो. शेवटचे दोघे खालच्या श्रेणीत उतरले: साळगावकर आणि व्हिवा केरळ. खाली आय-लीग सेकंड डिव्हिजन हे नवं नाव. २००८ मध्ये तिथे मुंबई एफसी पहिला आला आणि त्याच्यासह मोहम्मेडन, चिराग युनायटेड, वास्को असे चार संघ वर गेले, कारण वरची लीग दहाची बारा करायची होती. २००९ मध्ये बाराची चौदा झाली, पुन्हा चार वर: साळगावकर, व्हिवा केरळ, शिलाँग लाजोंग आणि आपला पुणे एफसी. तेव्हा दार सताड उघडं होतं हे कबूल करायला हवं. एरवी दोनच जागा, पुढे पुढे तर एकच.

पण पुणे एफसी आयता आत गेला नाही, हे पुणेकरांनी विसरू नये. अशोक पिरामल समूहाने २००७ मध्ये क्लब काढला, सेकंड डिव्हिजनच्या धुळीतून तो २००९ ला वर चढला आणि वरच्या पहिल्याच हंगामात, २००९-१० ला, तिसरा आला. डेरिक परेरा प्रशिक्षक. २०१२-१३ ला तर चर्चिल ब्रदर्सच्या मागे दुसरा. बालेवाडीला तेव्हा गर्दी बेताचीच असायची. आठवड्याच्या मधल्या दुपारी सामना ठेवला की नोकरदार माणूस चांदणी चौकातून यायचा कसा? पण जे यायचे ते लाइनमनचीही फिरकी घेणारे असत.

आता सेकंड डिव्हिजन आतून कशी होती ते सांगतो, कारण गुणतक्त्यात हे दिसत नाही. नावाला लीग, पण बरीच वर्षं तिचा बाज टूर्नामेंटचाच होता. गट पाडायचे, एकेका गटाला एक केंद्र द्यायचं, सगळ्या संघांनी तिथे मुक्काम ठोकायचा, दिवसाआड सामने उरकायचे. वरचे संघ मग फायनल राउंडला. आम्ही एकदा पुण्याहून आझाद हिंद एक्स्प्रेसने बंगालला गेलो. गाडीत दीड दिवस, सहा फुटी स्टॉपर साइड लोअरवर घडी होऊन झोपलेला. उतरल्यावर दुसऱ्या दिवशी पहिला सामना. त्या केंद्रावरचा मुक्काम संपला आणि पुढची फेरी हुकली. संपला हंगाम! वर्षभराची तयारी, आणि खेळ झाला जेमतेम तीन आठवडे. उरलेले महिने क्लबाने खेळाडूंना द्यायचं काय आणि कशासाठी?

मेख इथेच आहे. वरच्या श्रेणीचे करार आठ-दहा महिन्यांचे असायचे, आमचे तीन-चारचे. ज्या संघाबरोबर मी होतो त्याने शेवटचे दोन पगार सहा महिने लटकवले होते, आणि मुलं फोन मला करायची, मालकाला नाही. एक लेफ्ट बॅक त्या काळात सकाळी सरावाला यायचा आणि रात्री वाकडला एटीएमवर सिक्युरिटीची ड्यूटी करायचा. पुढच्या हंगामात तो आलाच नाही. खेळ संपला म्हणून नव्हे, त्याला ड्यूटी कायम झाली म्हणून.

तर दुसऱ्या श्रेणीची परीक्षा ती कुणाला वर पाठवते यावर घेऊ नका, असं माझं मत बनलं आहे. वर तर कुणी ना कुणी जाणारच. वरून पडलेला क्लब तिथे पडून राहू शकतो का, दोन वर्षं तग धरून परत येऊ शकतो का, ते बघा. या कसोटीवर आपला इतिहास लावला की चित्र वेगळंच दिसतं.

साळगावकर घ्या. १९९८-९९ चा राष्ट्रीय विजेता, २००८ ला उतरला, २००९ ला सेकंड डिव्हिजन जिंकून परतला आणि २०१०-११ ला आय-लीग चॅम्पियन! दुसरी श्रेणी जे करू शकते ते सगळं या एका उदाहरणात आहे. लाजोंग २०१० ला उतरला, २०११ ला परतला. २०१९ ला पुन्हा उतरला आणि २०२३ ला पुन्हा वर. हे टिकले कसे? त्यांच्या पायाखाली गोव्याची आणि शिलाँगची स्वतःची लीग होती. राष्ट्रीय सामने नसतील तेव्हाही गावात सामना असतो, चर्चा असते, चार पैसे खर्च करायला मालकाला निमित्त असतं.

याउलट जेसीटी. देशाचा पहिला लीग विजेता २०११ ला उतरला आणि त्याच वर्षी संघ बंद. सेकंड डिव्हिजनचा एक सामनाही न खेळता! बायचुंग भुतियाचा युनायटेड सिक्कीम २०१२ ला चढला, एका हंगामात खाली आला, आणि मग त्याला उभं राहता आलं नाही. महिंद्र युनायटेड तर उतरलाही नव्हता. २००५-०६ चा विजेता, २०१० ला कंपनीने गाशा गुंडाळला.

बँका-कंपन्यांच्या संघांचं काय झालं हेही इथेच सांगून टाकतो. आशियाई महासंघाने क्लब परवान्याचे निकष आणले: स्वतंत्र कंपनी, युवा संघ, हिशेब, मैदान. योग्यच होते. पण २०१३ ला एअर इंडिया आणि ओएनजीसी या निकषांवर बाहेर गेले आणि नोकरीवाल्या फुटबॉलची दोरी तुटली. जुना आधार गेला, नवा कुणी उभा केला नाही.

आता पुण्याकडे येतो, आणि इथे आपल्याला जरा मान खाली घालावी लागेल.

२०१३ पासून आपल्या अखिल भारतीय फुटबॉल महासंघाने थेट प्रवेश सुरू केला. फी भरा, कागद दाखवा, सेकंड डिव्हिजन न खेळता थेट वर. वर पहिली काही वर्षं उतरण्यापासून अभय. बेंगळुरू एफसी असाच आला आणि पहिल्याच वर्षी, २०१३-१४ ला, चॅम्पियन झाला, त्यामुळे सगळ्यांना ही युक्ती पटली. २०१४ ला पुण्यात कल्याणी समूहाचा भारत एफसी याच दाराने आला. २०१४-१५ ला अकरा संघांत तो शेवटचा, अकरावा. नियमाने तो उतरायचा नव्हता. मग उतरलं कोण? दहावा आलेला डेंपो. पाच वेळचा राष्ट्रीय विजेता खाली गेला, आणि ज्याच्या अभयापायी गेला त्या भारत एफसीने त्याच उन्हाळ्यात दुकान बंद केलं.

पुढच्या वर्षी पुन्हा तेच. डीएसके शिवाजीयन्स, आधी सेकंड डिव्हिजन खेळलेला पुण्याचाच संघ, २०१५-१६ ला थेट प्रवेशाने वर आला. नऊ संघांत नववा. त्यालाही अभय. आठवा आलेला मिझोरामचा ऐझॉल एफसी उतरला, जो आदल्याच वर्षी सेकंड डिव्हिजन जिंकून स्वतःच्या पायांवर वर आला होता.

लागोपाठ दोन वर्षं पुण्याच्या शेवटच्या संघाने वरच्या पायरीवरच्याला खाली ढकललं. यात त्या खेळाडूंचा दोष नाही, ते नियमाप्रमाणे खेळत होते. पण गोव्यात कुणी पुण्याचं नाव काढून नाक मुरडलं, तर मी वाद घालत नाही.

ऐझॉलचं पुढे काय झालं ते ठाऊक असेलच, तरी सांगितल्याशिवाय राहवत नाही. २०१६ च्या मे महिन्यात महासंघाने आराखडा मांडला की इंडियन सुपर लीग (आयएसएल), ही २०१४ पासून वेगळी चालणारी लीग, वरची होणार आणि आय-लीग तिच्या खाली जाणार. साळगावकर आणि स्पोर्टिंग गोवा यांनी राम राम ठोकला. डेंपोनेही, आणि डेंपो तर त्याच वर्षी सेकंड डिव्हिजन जिंकून परत यायचा हक्क मिळवून बसला होता! रिकाम्या जागांमुळे ऐझॉलला परत घेतलं. प्रशिक्षक कोण? मुंबई एफसीने नुकताच सोडलेला खालिद जमील. ३० एप्रिल २०१७ ला शिलाँगमध्ये लाजोंगशी १-१ बरोबरी झाली आणि ऐझॉल देशाचा चॅम्पियन. खालिदला सोडणारा मुंबई एफसी त्याच हंगामात शेवटचा येऊन उतरला आणि पुढे दिसलाच नाही. आय-लीग सेकंड डिव्हिजन या नावाची पहिली स्पर्धा २००८ ला याच मुंबई एफसीने जिंकली होती. मुंबईतल्या कूपरेज मैदानाचं काम चालू होतं तेव्हा हा संघ ‘घरचे’ सामने बालेवाडीला खेळायचा. त्यांच्या गोलकीपरला मी एकदा टेप दिला होता.

तुमच्या भाच्याचा मुद्दा, की खालून आलेले संघ वर टिकत नाहीत, हाही तपासून बघा. रॉयल वाहिंगडोह २०१४ ला चढला, पहिल्याच हंगामात तिसरा. नेरोका २०१७ ला चढला, पुढच्या हंगामात दुसरा. रियल काश्मीर २०१८ ला चढला, लगेच तिसरा. आणि आपला पुणे एफसी, तोही तिसरा. सेकंड डिव्हिजन खेळून आलेल्या संघाला वाईट मैदानावर, कमी झोपेत, दिवसाआड जिंकायची सवय असते. थेट आलेल्यांतही चांगले निघाले: चेन्नई सिटी २०१८-१९ ला चॅम्पियन, गोकुलम केरळने पाठोपाठ दोनदा जिंकली. वशिल्याचं तट्टू म्हणून सगळ्यांना हिणवण्यात अर्थ नाही. फरक मैदानावरचा नव्हताच, तो ताळेबंदातला होता. वाहिंगडोह तिसरा येऊनही पुढच्या हंगामात नव्हता.

पुण्याचे चारही क्लब याच पट्टीने मोजा. भारत एफसी २०१५ ला बंद. पुणे एफसी, खालून चढलेला एकमेव, तोही २०१५ ला बंद, आणि तो कधीही उतरला नव्हता. डीएसके शिवाजीयन्स २०१६-१७ नंतर आय-लीगमधून बाहेर. एफसी पुणे सिटी २०१४ पासून आयएसएलमध्ये होता, २०१९ ला बंद झाला आणि त्याची जागा हैदराबादला गेली. आयएसएलला तर खाली दारच नव्हतं. चौघांपैकी एकही रिलीगेशनने, म्हणजे खाली उतरल्याने, मेला नाही! म्हणून ‘दुसरी श्रेणी कच्ची होती म्हणून क्लब गेले’ हे अर्धंच खरं. दुसरी श्रेणी कच्ची होतीच. पण पुण्याच्या मालकांना खाली जाऊन, खर्च कमी करून, जिल्हा लीगच्या आधाराने चार वर्षं काढायची हा पर्यायच डोक्यात आला नाही. वर असेल तर क्लब, नाहीतर काही नाही.

आणि आधार होता का, हेही विचारलं पाहिजे. २०१४-१५ ला या एका शहरात आय-लीगचे दोन आणि आयएसएलचा एक असे तीन क्लब एकाच बालेवाडीच्या मैदानावर खेळत होते. त्याच वर्षी आमच्या जिल्हा लीगचे सामने एसएसपीएमएसच्या मैदानावर चुन्याच्या पुसट रेषांवर, प्रेक्षकांत खेळाडूंचे भाऊ आणि चहावाला अशा थाटात चालले होते. वरच्या तीन क्लबांपैकी कुणाला खालच्या क्लबांतून खेळाडू घ्यायची गरज वाटत नव्हती आणि खालच्या कुणाला वरच्यांची तिकिटं काढावीशी वाटत नव्हती. कोल्हापूरला जाऊन शाहू स्टेडियमवर पाटाकडील विरुद्ध शिवाजी तरुण मंडळ बघा. तिथे आय-लीगचा संघ नाही, पण पेठ मागे उभी आहे. ते संघ कुणी बंद करून दाखवावेत!

राहिला आजचा हिशेब. २०१७ ते २०२२ ही वर्षं तळ्यात-मळ्यात गेली, आयएसएल आणि आय-लीग शेजारी शेजारी, दोन्ही वरच्याच. या त्रांगड्याचं मूळ २०१० च्या डिसेंबरमध्ये आहे, जेव्हा महासंघाने पंधरा वर्षांचे व्यापारी हक्क ७०० कोटींना आयएमजी-रिलायन्सला दिले. ज्याने पैसे मोजले त्याला स्वतःची लीग हवी होती, आणि तिच्यात कुणी खाली जाणार नाही असं गुंतवणूकदारांना सांगणं सोपं होतं. २०१९ च्या ऑक्टोबरमध्ये आशियाई महासंघासमोर तडजोड झाली: २०२२-२३ पासून आय-लीगचा विजेता वर जाईल, दोन वर्षांनी उतरणंही सुरू होईल. म्हणजे २०२२-२३ पासून आय-लीग अधिकृतपणे दुसरी श्रेणी. जुनी सेकंड डिव्हिजन आय-लीग २ या नावाने तिसरी झाली आणि २०२३ पासून तिच्याखाली आय-लीग ३. म्हणजे भाच्याने ट्रायल दिली ती तिसऱ्या श्रेणीची.

चढण्याचा शब्द पाळला गेला: २०२२-२३ ला पंजाब, २०२३-२४ ला मोहम्मेडन. २०२४-२५ चं विजेतेपद तर मैदानाऐवजी लवादात ठरलं. चर्चिल की इंटर काशी हा वाद स्वित्झर्लंडच्या क्रीडा लवादापर्यंत गेला आणि जुलै २०२५ मध्ये काशीच्या बाजूने निकाल लागला. उतरण्याचा शब्द मात्र राहिला. २०२४-२५ संपेपर्यंत आयएसएलमधून एकही संघ खाली आलेला नव्हता. आणि डेंपो? गोव्याच्या लीगमध्ये आठ वर्षं काढून तो २०२४ ला आय-लीग २ मधून परत चढला.

भाच्याबद्दल शेवटी विचारलंत. आय-लीग २ मिळत असेल तर जाऊ द्या, पण सही करण्याआधी करार किती महिन्यांचा आहे, गुडघा गेला तर ऑपरेशनचा खर्च कोण करणार आणि संघ हरून लवकर बाहेर पडला तरी पगार शेवटच्या तारखेपर्यंत मिळणार का, हे तुम्ही स्वतः वाचा. तो वाचणार नाही. नोंदणी महासंघाच्या ऑनलाइन प्रणालीतून होते, तिथे त्याचं नाव चढल्याशिवाय जुन्या क्लबाशी भांडू नका. बारावीचा फॉर्म भरायला लावा. आणि त्याआधी एखाद्या रविवारी सकाळी सातला त्याला खडकीला माझ्या बॅचवर पाठवा, डाव्या पायाने चेंडू कसा घेतो ते बघतो. शिनगार्ड आणायला सांगा, माझ्याकडे जादा जोडी नाही.